क्लोद मनिए : केबेकचा विनोदी नट-लेखक. बघायला सुरुवात कुठून करावी?

तिसरीघंटा

कॅनडाच्या केबेक प्रांतातल्या फ्रेंच विनोदावर मराठीत फारसं वाचायला मिळत नाही, आणि मिळालं तर ते थेट फ्रान्सच्या विनोदाच्या खात्यात टाकलेलं असतं. ते खातं वेगळं आहे. म्हणून क्लोद मनिए या एका माणसाच्या कारकिर्दीवर हा धागा. नट आणि लेखक या दोन्ही बाजूंनी बोलू.

आधी सांगाडा. जन्म १९५१, माँट्रियल. शिक्षण कायद्याचं, पण वकिलीऐवजी रंगमंच धरला. सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात 'पोल ए पोल' हे त्रिकूट : मनिए, सर्ज तेरिओ आणि जाक ग्रिझे. १९७९ मध्ये 'ब्रू' या नाटकाच्या लेखनात सहभाग. १९८० मध्ये लुई साया याच्याबरोबर लिहिलेली दोन नाटकं, 'ले व्वाझँ' म्हणजे 'शेजारी' आणि 'आपले-म्वा स्तेफान' म्हणजे 'मला स्तेफान म्हणा'. त्यानंतर तेरिओबरोबर 'डिंग ए डाँग' ही जोडी. ह्या जोडीने १९८३ पासून माँट्रियलच्या क्लब सोडामध्ये 'हा! हा! चे सोमवार' चालवले आणि तिथे कितीतरी नव्या विनोदी कलाकारांना पहिला मंच मिळाला. १९९० मध्ये जोडीचा चित्रपट. १९९३ ते १९९८ रादिओ-कानडा या सार्वजनिक फ्रेंच वाहिनीवर 'ला पतित वी' ही मालिका, नंतर तिचे काही विशेष भाग, आणि तिशीनिमित्त २०२३ मध्ये सहा नवे भाग. मध्ये २००८ साली 'ल ग्राँ देपार' हा स्वतः दिग्दर्शित केलेला चित्रपट. १९८५ पासून पेप्सीच्या जाहिराती, त्या वेगळ्या प्रतिसादात घेऊ.

माझं म्हणणं एवढंच की मनिएच्या लेखनाचं एकक 'माणूस' नसून 'जोडी' आहे. एकट्याने माइकसमोर उभं राहून बोलणं हा त्याचा प्रांत नव्हे. दोघं एकमेकांचं ऐकतात, पण त्यातला शब्द तेवढा धरतात, अर्थ सोडून देतात, आणि तिथून घसरत जातात. कारकिर्दीतली जवळजवळ प्रत्येक गोष्ट ह्या एका यंत्रावर चालली आहे. जिथे ते यंत्र सोडलं तिथे काम पातळ झालं.

सेंटलॉरेन्स

सांगाडा बरोबर आहे. पार्श्वभूमीची भर घालतो, कारण ती नसेल तर १९७९-८० मध्ये हे सगळं एवढं ताजं का वाटलं ते कळत नाही.

ऑगस्ट १९६८ मध्ये मिशेल त्राँब्लेचं 'ले बेल-सर' रंगमंचावर आलं आणि माँट्रियलच्या कामगार वस्तीची बोली, म्हणजे 'जुआल', पहिल्यांदा मोठ्या नाट्यगृहात पूर्ण वेळ ऐकू आली. त्याआधी नाटकाची भाषा म्हणजे पॅरिसकडे तोंड केलेली, इस्त्री केलेली भाषा. पुस्तकी मराठीच्या रंगमंचावर मालवणी किंवा वऱ्हाडी पूर्ण प्रयोगभर बोलली गेली तेव्हा जो फरक पडला, त्याच जातीचा हा फरक. त्याच काळात इव्हाँ देशाँ हा एकपात्री करणारा फार मोठा झाला. त्याचा विनोद सामाजिक होता, टोचणारा होता.

मनिएच्या पिढीला बोलीसाठी भांडावं लागलं नाही. ती आयती मिळाली. त्यामुळे त्याने बोलीचा उपयोग अस्मितेसाठी केला नाही, बोलण्याच्या पोकळपणासाठी केला. 'ले व्वाझँ' बघा. उपनगरातले शेजारी, झुडपांचं कुंपण, गाडी, संध्याकाळी एकत्र जमणं. सगळे अखंड बोलतात आणि कोणाकडेच सांगण्यासारखं काही नसतं. नाटक १९८० चं, म्हणजे केबेकने कॅनडापासून वेगळं व्हावं का या पहिल्या सार्वमताचं वर्ष, आणि पात्रांच्या तोंडी हिरवळीची निगा आहे. मला हे त्याचं सर्वांत धीट लेखन वाटतं.

विंगेतला

'ब्रू' बद्दल दोन गोष्टी आधी नीट करून घेऊ, कारण चर्चेत ते नाटक सरसकट मनिएच्या नावावर जातं.

ते एकट्याचं नाही. लेखक सात : क्लोद मनिए, जाँ-पिएर प्लाँत, फ्राँसीन रुएल, लुई साया, आणि त्यात काम करणारे तिघे नट मिशेल कोते, मार्सेल गोतिए, मार्क मेसिए. आणि मनिए त्यात नट म्हणून नव्हता. मार्च १९७९ ला सुरू झालेलं हे नाटक त्याच तीन नटांनी २०१७ पर्यंत केलं, प्रयोगसंख्या ३,३०० च्या वर. तेच नट, तेच नाटक, ३८ वर्षं. मिशेल कोते २०२३ मध्ये गेले. नाटक त्याआधीच नव्या तिघांकडे सोपवलं गेलं होतं.

विषय : केबेकचं टॅव्हर्न, म्हणजे फक्त पुरुषांचा बिअरचा गुत्ता. तिथे बायकांना प्रवेश नव्हता, आणि १९७९ च्या सुमारास कायदा बदलून हे जग संपत आलं होतं. 'ब्रू' म्हणजे बिअरचा फेस. इंग्रजीतल्या बिअर बनवण्याच्या 'ब्रू' (brew) या शब्दासारखाच तो कानाला लागतो, ही गंमत शीर्षकातच आहे.

आता यंत्र. तीन नट आणि गुत्त्यातली सगळी गिऱ्हाइकं त्यांनीच करायची. अशा नाटकात लेखकाला संवादाआधी वेळापत्रक लिहावं लागतं :

एक नट विंगेत गेला की त्याला कपडे बदलायला साधारण ३० ते ४० सेकंद लागतात, टोप आणि मिशी असेल तर मिनिटभर. तेवढा वेळ उरलेल्या दोघांनी भरायचा. म्हणजे प्रत्येक दोनपात्री तुकड्याची लांबी तिसऱ्याच्या बदलावर ठरते. तुकडा लहान पडला तर मंच रिकामा राहतो. लांबला तर बदललेला नट विंगेत उभा राहून थंड होतो, आणि त्याची एन्ट्री पडते.

कपडे एकावर एक चढवलेले असतात, वरचा थर काढला की खालचं पात्र तयार. बटणांच्या जागी वेल्क्रो किंवा चापाची बटणं. आणि सर्वांत महत्त्वाचं, प्रत्येक पात्राला आत येतानाच ओळखू येईल असं एक काहीतरी हवं : चाल, टोपी, किंवा दारापासूनचा आवाज. पहिल्या दोन-तीन सेकंदांत 'हा वेगळा माणूस' हे पटलं नाही तर प्रेक्षक पुढची चार वाक्यं नट ओळखण्यात घालवतो आणि त्या चार वाक्यांतले विनोद फुकट जातात.

तिसरीघंटाजींचा जोडीचा मुद्दा इथेही लागू पडतो. मंचावर तिघे एकत्र असण्यापेक्षा दोघे असण्याचा वेळ रचनेमुळेच जास्त येतो.

तिसरीघंटा

विंगेतला, दुरुस्ती मान्य. 'सहभाग' म्हटलं होतं, पण सात जणांची नावं यायलाच हवी होती.

ध्वनिलहरी

ज्यांनी पाठ्यपुस्तकी फ्रेंच शिकून 'ला पतित वी' लावलं आणि दहा मिनिटांत बंद केलं त्यांच्यासाठी थोडं. अडचण शब्दसंग्रहाची कमी आणि उच्चाराची जास्त असते. तीन नियम कळले की निम्मा गुंता सुटतो.

पहिला. केबेकमध्ये इ आणि फ्रेंच 'यु' या स्वरांपुढे त चा त्स होतो आणि द चा द्झ. 'पतित' तिथे 'पत्सित' ऐकू येतं, 'ती-मे' हे नाव 'त्सी-मे'. हिंदी भाषकाला हा वर्ण नवा शिकावा लागतो, आपल्याकडे तो आहेच : 'चाक', 'चमचा' मधला च. फक्त मराठीत इ पुढे आला की तो तालव्य होतो, 'चिमणी' सारखा. म्हणून सराव असा करायचा : 'चाक' चा च धरून ठेवा, जीभ दातांमागून न हलवता त्याला ई लावा. 'जहाज' च्या ज चं तसंच, 'दि' च्या जागी. आठवडाभर रोज पाच मिनिटं केलं तर कान लगेच पकडायला लागतो.

दुसरा. प्रश्नार्थक 'त्सु'. 'इल व्यँ-त्सु?' यातला 'त्सु' म्हणजे 'तू' नव्हे. तो वाक्याच्या मागे, क्रियापदाला चिकटलेला प्रश्नाचा अव्यय आहे, हुबेहूब आपल्या 'का' सारखा : 'तो येतोय का?' शिकणारे इथे हमखास चुकतात. त्यांना 'तू' ऐकू येतो आणि वाक्याचा कर्ता बदलल्यासारखा वाटतो. मालिकेत हा 'त्सु' सारखा येतो.

तिसरा. शिव्या देवळातल्या आहेत. वेदीवरची पेटी, चषक, पवित्र भाकर यांची नावं तिथे शिव्या म्हणून वापरतात, कारण विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत चर्चचा घरादारावर फार मोठा अंमल होता. पॅरिसच्या शब्दकोशात हे शब्द शोधले तर पूजेचं साहित्य सापडतं आणि संवाद भलताच लागतो.

अवांतर, पण आपल्यासाठी मजेचं. केबेकमध्ये मक्याला 'ब्ले दँद' म्हणतात, शब्दशः 'हिंदचा गहू'. टर्कीला फ्रेंचमध्ये 'दँद', मूळचं 'हिंदची कोंबडी'. अमेरिका खंडालाच हिंद समजण्याच्या त्या जुन्या घोळाचे हे अवशेष. मालिकेतल्या मोमाँचा, म्हणजे आईचा, जीव टर्कीत आणि तिच्या मुलीचं, तेरेझचं, घोडं एका पदार्थातल्या मक्याच्या थरावर अडतं, त्यामुळे आपल्या देशाचं नाव दर काही भागांनी ऐकू येतं.

रुपेरीखिडकी

'ला पतित वी' चं घर कुणीतरी मांडून दिलं पाहिजे, नाहीतर नवा प्रेक्षक पात्रांत हरवतो.

वडील पोपा, म्हणजे ती-मे पारे : स्वतः मनिए. भली मोठी दाढी, जीव कचऱ्याच्या पिशव्यांत आणि तळघरातल्या कामाच्या टेबलात. केबेकमध्ये घरच्या कचऱ्याला 'व्हिदाँज' म्हणतात, हा शब्द पहिल्या भागातच पाठ होतो. आई मोमाँ : सर्ज तेरिओ. मुलं चार. रॉड (बेर्नार फोर्तँ) दिसण्याच्या प्रेमात. तेरेझ (दियान लावाले) भाबडी, तिचा नवरा रेजाँ (मार्क मेसिए) थापाड्या आणि कामचुकार. रेनाल (मार्क लाब्रेश) पतपेढीत नोकरीला आणि पराकोटीचा चिक्कू, बायको लिझाँ (जोझे देशेन). धाकटी कारो (गिलेन त्राँब्ले) सतत कशाच्या तरी विरोधात. पोपाचा मित्र पोगो : रेमी जिरार. दिग्दर्शन पिएर सेगँ.

पोपा-मोमाँ ही जोडी मालिकेसाठी जन्मली नाही. डिंग ए डाँगच्या प्रहसनांत ती आधीच होती. म्हणजे १९९३ मध्ये मालिका सुरू झाली तेव्हा दोन मुख्य पात्रांचा आवाज आणि लय प्रेक्षकांसमोर वर्षानुवर्षं घासूनपुसून झाली होती. पहिल्याच भागापासून घर वसलेलं वाटतं त्याचं कारण हे.

मार्च १९९५ मध्ये एका भागाला ४० लाखांहून जास्त प्रेक्षक होते. प्रांताची लोकसंख्या तेव्हा ७० लाखांच्या थोडी वर. तान्ही बाळं आणि इंग्रजी घरं वजा केली तर सोमवारी संध्याकाळी उरलं कोण! आणि हे दुसऱ्या सार्वमताच्या सातच महिने आधी, जेव्हा प्रांत अर्धाअर्धा चिरला होता. दोन्ही बाजू एकच मालिका बघत होत्या.

तेरिओच्या मोमाँबद्दल स्वतंत्र बोलायला हवं. स्त्रीपार्टी म्हटलं की लचक, पदर, गालातलं हसू असं डोळ्यांसमोर येतं. इथे त्यातलं काही नाही. पुरुष बाईचं काम करतोय यावर मालिका विनोद करत नाही. मोमाँ ही घर चालवून थकलेली, नवऱ्याला पुरती ओळखून असलेली बाई आहे, आणि तेरिओ ती गंभीरपणे करतो. त्यामुळे दोन-तीन भागांनंतर टोप दिसेनासा होतो. समोरचा पोपा कितीही वेडगळ वागला तरी चालतं, कारण मोमाँचं वजन खरं आहे.

विंगेतला

आणि तो उभा पलंग! त्यावर लिहिल्याशिवाय राहवत नाही.

पोपा-मोमाँचा पलंग भिंतीला लावून सरळ उभा केलेला आहे. दोघं त्यात 'झोपतात' म्हणजे उभी राहतात, पांघरूण गळ्यापर्यंत, आणि कॅमेरा समोर. रंगमंचाचा हा जुना उपाय आहे. त्याची गरज अशी : आडव्या पलंगावर दोन माणसं शेजारी झोपली की प्रेक्षकाला जवळच्याची हनुवटी आणि लांबच्याची नाकपुडी दिसते. कॅमेरा वरून लावला तर चेहरे दिसतात, पण सेटच्या दिव्यांच्या गर्दीत तो टांगणं कटकटीचं, आणि आडवं पडलेल्या नटाचा श्वास-आवाज दबतो. पलंगच उभा केला की दोन्ही चेहरे पूर्ण समोर, आवाज मोकळा, आणि एकाच शॉटमध्ये दोघांची प्रतिक्रिया.

कुणाला एकांकिकेत करायचं असेल तर :

फळीची उंची उंच नटापेक्षा हातभर जास्त, रुंदी साडेचार ते पाच फूट. मागे तिरके टेकू, शिवाय खाली वजन. पलंग एक-दोन इंच मागे झुकलेला ठेवा, अगदी काटकोनात नको. नटांची पाठ टेकते आणि मान अवघडत नाही. उशा फळीला मागून स्क्रूने किंवा जाड दोऱ्याने पक्क्या बांधा. चादर आणि पांघरूण वरच्या कडेला आतून पट्टीने अडकवा, नाहीतर पहिल्याच हशाला ते घसरतं. पांघरुणाला बाजूने एक फट ठेवा, नटाला आत शिरायला आणि हात बाहेर काढायला. पायांखाली तीन-चार इंचांची पायरी ठेवली तर बुटका नट दुसऱ्याच्या बरोबरीला येतो.

बिघडतं ते तीन ठिकाणी. केस खाली पडतात, झोपलेल्याचे उशीवर पसरतात, म्हणून टोपाला उशीवर पिन मारावी लागते. पाण्याचा पेला, पुस्तक, चष्मा काहीही 'पलंगावर ठेवता' येत नाही, त्यामुळे संहितेतून अशी कृती आधीच काढा. आणि नट विसरून शरीराचं वजन एका पायावर टाकतो. ती कंबर लगेच 'उभा माणूस' सांगते. दोन्ही पायांवर सारखं वजन आणि खांदे मागे दाबलेले, हे तालमीत घोटावं लागतं.

त्या दृश्यांत फारशी हालचाल शक्यच नाही. म्हणून संवाद चोख लागतो, आणि मनिएचं जोडीलेखन तिथे सर्वांत शुद्ध रूपात ऐकू येतं. दाढीने त्याचं निम्मं तोंड झाकलेलं असतं, तेव्हा डोळे आणि थांबणं यांवरच काम.

खलबत्ता

तेरेझच्या पॅते शिनवाशिवाय हा धागा अपुरा राहील.

'पॅते शिनवा' म्हणजे शब्दशः 'चिनी पाय' (इंग्रजीतला pie), पण चिनी स्वयंपाकाशी त्याचा संबंध असल्याचं सिद्ध झालेलं नाही. केबेकच्या घरोघरचा हा थरांचा पदार्थ. मालिकेत तेरेझला तो कधीच जमत नाही, आणि तिला क्रम पुन्हा पुन्हा सांगितला जातो : स्टेक, ब्ले दँद, पतात. खिमा, मका, बटाटा. तीन शब्द. केबेकमध्ये आजही कुणासमोर पहिला शब्द उच्चारला तर पुढचे दोन तो पुरे करतो. २००७ मध्ये 'ल द्व्वार' या दैनिकाने राष्ट्रीय पदार्थ कोणता याचा शोध घेतला तेव्हा हाच निवडला गेला.

सहा जणांसाठी : बीफचा खिमा ५०० ग्रॅम (मटणाचा किंवा चिकनचा चालतो), एक मोठा कांदा, मलईदार मक्याचा एक डबा आणि पाऊण वाटी मक्याचे दाणे, बटाटे १ किलो, लोणी ३ मोठे चमचे, दूध अर्धी वाटी, मीठ, मिरपूड, वर भुरभुरायला पाप्रिका.

बटाटे सोलून, तुकडे करून उकडा, पाणी काढून टाका आणि त्याच गरम पातेल्यात मिनिटभर हलवत कोरडे करा. मग लोणी आणि गरम दूध घालून कुस्करा. कांदा लोण्यावर परतून त्यात खिमा मोकळा होईपर्यंत परता, मीठ-मिरपूड, आणि सुटलेली चरबी काढून टाका. पसरट भांड्यात तळाला खिमा दाबून, त्यावर मका, वर बटाटा. बटाटा कडेपासून आत पसरत या, मध्ये ढीग ओतून दाबलात तर मका कडेने वर येतो. १९० अंश सेल्सिअसला ३० मिनिटं, शेवटी ३-४ मिनिटं वरची आच. बाहेर काढून १० मिनिटं तसंच ठेवा, मगच कापा.

क्रम बदलला तर काय होतं? बटाटा तळाला गेला तर भांड्याला धरतो आणि मक्याचं पाणी पिऊन लगदा होतो. मका वर आला तर दाणे वाळून कडक. खिमा वर आला तर कोरडा पडतो, आणि खाली ओल अडवायला काही राहत नाही. बटाटा झाकण आहे, मका रस आहे, खिमा पाया आहे. पाणचट झालं तर दोष बहुतेक वेळा न काढलेल्या चरबीचा किंवा ओल्या बटाट्याचा.

हा विनोद एवढा टिकला त्याचं कारण मला असं दिसतं : चुकणं शक्यच नाही इतका सोपा पदार्थ, आणि तेरेझची चूक दर वेळी वेगळी. मनिए क्रमाचे शब्द बदलत नाही, चूक बदलतो. प्रेक्षकाला मंत्र पाठ, फक्त या खेपेला ती कुठे अडखळणार ते माहीत नाही.

सेंटलॉरेन्स

खलबत्ता, फार सुरेख. हेच जाहिरातींतही दिसतं.

ऐंशीच्या दशकाच्या मध्याला पेप्सी केबेकमध्ये कोकच्या मागे होती. बाकी जगात मायकेल जॅक्सनला घेऊन मोठमोठ्या जाहिराती चालू होत्या. केबेकसाठी वेगळा रस्ता निवडला गेला : १९८५ पासून मनिए, दर जाहिरातीत नवं सोंग, स्थानिक बोली, अर्ध्या मिनिटात एक माणूस उभा. थोड्याच वर्षांत त्या प्रांतात पेप्सी कोकच्या पुढे गेली आणि पुढेच राहिली. जाहिरातशास्त्राच्या वर्गात हे उदाहरण अजून शिकवतात.

याला एक जुनी सल आहे. इंग्रजीभाषक लोक फ्रेंच कॅनडियनांना हिणवून 'पेप्सी' म्हणत असत. त्या शब्दाचं पेय त्याच लोकांच्या बोलीत, त्यांच्याच नटाने, प्रेमाने विकलं. इंग्रजी जाहिरातीला फ्रेंच आवाज चिकटवून हे साधलं नसतं. डबिंगमध्ये ओठ जुळवण्यासाठी शब्द निवडले जातात आणि मनिएचा विनोद तर नेमका शब्दनिवडीत आहे.

पडद्यामागून

मला थोडा वेगळा सूर लावायचा आहे. जोडीचं यंत्र म्हणता, पण ते ताणलं की काय होतं तेही बघायला हवं.

मनिएचा नैसर्गिक आवाका दोन ते सहा मिनिटांचा. १९९० च्या 'डिंग ए डाँग' चित्रपटात तेच दोघं दीड तास आहेत. लोकांनी गर्दी केली, पण चित्रपट म्हणून बघताना प्रहसनांचे सांधे दिसतात : प्रत्येक दृश्य आपल्यापुरतं पूर्ण होतं आणि गोष्टीला पुढच्या दृश्यासाठी नव्याने ढकलावं लागतं. मालिकेत हा दोष झाकला जातो, कारण २५ मिनिटांत तीन-चार जोड्या आलटून पालटून येतात. पोपा-मोमाँ दमले की तेरेझ-रेजाँ, ते दमले की रेनाल-लिझाँ. भावंडांची लग्नं लावून देण्यामागे लेखकाची ही सोय आहे! एकट्या रॉड आणि कारोला दृश्य द्यायचं तर लेखकाला दर वेळी जोडीदार आयात करावा लागतो.

२००८ चा 'ल ग्राँ देपार' मला म्हणूनच अवघड जातो. त्यात मध्यमवयीन नवरा घर सोडून तरुण मैत्रिणीकडे जातो, मुख्य भूमिका मार्क मेसिएची. विषयात दुःख खरं आहे, पण संवाद अजून प्रहसनाच्या तालावर. माणूस दुखावलेला असतो आणि वाक्य मात्र हशासाठी कापलेलं.

तिसरीघंटा

पडद्यामागून, सहमत, फक्त 'ले व्वाझँ' अपवाद धरा. तिथेही प्रहसनाचाच ताल आहे, पण साया बरोबर असल्याने असेल किंवा रंगमंच असल्याने असेल, शेवटाकडे तो ताल स्वतःच भीतीदायक होतो. लोक बोलायचं थांबले तर काय उरेल याची भीती. लांबीचा प्रश्न त्याने तिथे सोडवला होता, चित्रपटांत तो पुन्हा उघडला.

रुपेरीखिडकी

क्रम सुचवते, कारण धाग्याचं नाव तेच विचारतंय.

आधी पेप्सीच्या चार-पाच जाहिराती. लांबी कमी, चेहरा आणि आवाजाची सवय होते. मग 'हा! हा! चे सोमवार' काळातले डिंग ए डाँगचे तुकडे. तिथे दोघांचा नुसता ताल ऐका, अर्थ निम्मा कळला तरी चालेल. त्यानंतर 'ला पतित वी' चा पहिला हंगाम सलग, एका बैठकीत दोन भागांपेक्षा जास्त नको. फ्रेंच उपशीर्षकं लावा, पण ती बोलीला बऱ्याचदा प्रमाण रूप देतात हे ध्यानात ठेवा : कानाला 'म्वे' आणि अक्षरात 'म्वा' असेल तर कानावर विश्वास ठेवा. मग 'ले व्वाझँ', शक्यतो आधी वाचून. २०२३ चे सहा भाग सर्वांत शेवटी. तेरिओला तीस वर्षांनी त्याच टोपात बघण्याची किंमत जुने भाग अंगात मुरल्याशिवाय कळत नाही, विशेषतः मधली काही वर्षं तो लोकांपासून पूर्ण दूर घरात राहिला होता हे माहीत असेल तर.

ध्वनिलहरी

उपशीर्षकांच्या मुद्द्याला जोड : पहिल्या हंगामातला कुठलाही पलंगाचा प्रसंग निवडा आणि तीनदा बघा. पहिल्यांदा उपशीर्षकांसह, दुसऱ्यांदा उपशीर्षकं काढून, तिसऱ्यांदा डोळे मिटून. तिसऱ्या वेळी फक्त मोमाँचे थांबे मोजा. पोपाचं वाक्य संपल्यावर तेरिओ लगेच बोलत नाही, आणि हशा अनेकदा त्या रिकाम्या जागेतच येतो.

विंगेतला

हो. आणि त्या वेळात पोपा कुठे बघतो तेही चौथ्यांदा, आवाज बंद करून बघा. तो मोमाँकडे बघत नाही, समोर छताकडे बघतो. म्हणजे आपल्याकडेच.